गोळा एकाच हाताने फेकतात, मग दुसऱ्या हाताचं काय?

४ सप्टेंबर २०२४ ला पॅरिसच्या पॅरालिम्पिकमध्ये सचिन खिलारीने (त्याचा डावा हात नीट चालत नाही) १६.३२ मीटर गोळा फेकला आणि सिल्व्हर आणलं. सांगली जिल्ह्यातला, आटपाडीकडचा गडी, त्यामुळे आमच्या सगळ्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर दिवसभर तेच चालू होतं. त्यात एका काकांनी विचारलं, "गोळा तर एकाच हाताने फेकतात ना, मग डावा हात नीट नसला तर बिघडलं काय?" झालं, चार जण काकांवर तुटून पडले, काकांनी बिचाऱ्यांनी मेसेज डिलीट केला. पण खरं सांगू का, प्रश्न एकदम करेक्ट होता, आणि ओरडण्याच्या नादात उत्तर कुणीच दिलं नाही.

उत्तर घरीच मिळतं. डावा हात टॉवेलने पोटाशी घट्ट बांधा आणि उजव्या हाताने उशी जमेल तितकी लांब फेका (घरातले हसतील, हसू दे). मग हात सोडून परत फेका. पहिल्या वेळी उशी कमी लांब जाते आणि वर आपला तोलही जातो. कारण उजव्या हाताने फेकणारा खेळाडू आधी डावा हात लांब पसरतो, त्याने छाती ताणली जाते, मग तोच हात झटकन अंगाशी ओढून थांबवतो, याला कोच लोक 'ब्लॉक' म्हणतात. डावी बाजू थांबली की ती दाराच्या बिजागरीसारखी होते आणि उजवी बाजू दार आपटल्यासारखी जोरात फिरते. गोळ्याचा वेग खांद्यात कमी आणि या फिरण्यात जास्त तयार होतो. म्हणजे न फेकणारा हातसुद्धा फेकत असतोच.

आता हा हात कमजोर असेल तर कोचला ते काम अंगात दुसरीकडे कुठेतरी करून घ्यावं लागतं. पुढचा पाय जास्त कडक रोवायला शिकवायचं, कमरेचं फिरणं वाढवायचं, डाव्या पाठीचे स्नायू वेगळे तयार करायचे. आणि जिममध्ये तर पहिल्या दिवसापासून अडचण, कारण बारबेल ही वस्तूच दोन सारखे हात गृहीत धरून बनवलेली. मग हुक लाव, पट्टा बांध, एका हाताने डंबेल उचल, आणि एका बाजूचं वजन सारखं जास्त झालं की पाठीचा कणा एका अंगाला ओढला जातो, मग कंबर धरते. हे सगळं सांभाळत ६ किलोचा गोळा (खिलारीच्या गटातल्या पुरुषांचा तेवढाच असतो) १६ मीटरच्या पुढे टाकायचा.

त्या दिवशी गोल्ड मिळालं कॅनडाच्या ग्रेग स्ट्युअर्टला, १६.३८ मीटर, म्हणजे फक्त सहा सेंटीमीटर जास्त. हा माणूस सात फूट दोन इंच उंच आहे आणि त्याला जन्मापासून डाव्या कोपराखालचा हातच नाही. खिलारीचा हात आहे, पण शाळेत असताना सायकलवरून पडला आणि पुढे जखम चिघळली त्यामुळे तो नीट चालत नाही. दोघांचा गट एकच, एफ४६, म्हणजे हातात अडचण असलेल्यांचा, पण शरीरं दोन टोकांची. नसलेल्या हाताचं वजन नसतं, असलेल्या कमजोर हाताचं असतं, त्यामुळे एकाचा ट्रेनिंग प्लॅन दुसऱ्याला लावला तर फसणारच. हा गटाचा आकडा फक्त कोण कुणाशी खेळणार ते ठरवायला आहे, कसं शिकवायचं त्याचं उत्तर त्यात नाही, आणि माझ्या मते नवीन कोच पहिली चूक इथेच करतात.

आता त्याहून विचित्र गोष्ट, हृदयाची.

आपण सगळे घड्याळात बघून पळणारे. २२० वजा वय, म्हणजे तीस वर्षांच्या माणसाचे जास्तीत जास्त ठोके १९० च्या आसपास, त्याचे इतके टक्के म्हणजे सोपा व्यायाम, तितके टक्के म्हणजे कडक. आता समजा कोचसमोर व्हीलचेअर रग्बीचा खेळाडू आहे, मानेत मज्जारज्जू पूर्ण तुटलेला. तो जीव तोडून चेअर पळवतोय, चेहरा लालबुंद, आणि घड्याळ दाखवतंय ११८. पुस्तक वाचलेला कोच म्हणणार, "काय रे, गार्डनमध्ये फिरायला आलायस का?"

तर तो खेळाडू आधीच फुल्ल आहे. हृदयाला दोन प्रकारच्या वायर जातात. ब्रेकची वायर, म्हणजे व्हेगस नर्व्ह, मेंदूच्या बुडातून थेट निघते, ती मज्जारज्जूतून येतच नाही. अ‍ॅक्सिलरेटरची वायर मात्र मज्जारज्जूतून खाली येऊन छातीच्या वरच्या मणक्यांपाशी बाहेर पडते. मानेतला मज्जारज्जू तुटला की अ‍ॅक्सिलरेटरचं मेंदूशी कनेक्शन गेलं, ब्रेक शिल्लक. मग मेंदू फार तर ब्रेकवरचा पाय काढू शकतो, आणि तेवढ्याने ठोके साधारण ११० ते १३० पर्यंत जाऊन अडकतात. शिवाय चालताना पिंढऱ्या पिळून रक्त वर ढकलतात ते इथे होत नाही, रक्त पायात साचतं, हृदयाला दर ठोक्याला कमी माल मिळतो. इजा छातीच्या मधल्या मणक्यांच्या खाली असेल तर ठोके अडकायचा प्रॉब्लेम नसतो, त्यामुळे "व्हीलचेअरवरचे खेळाडू" असा सरसकट शब्द कोचच्या काही कामाचा नाही, कितव्या मणक्यात आणि पूर्ण की अर्धवट, हे आधी विचारायचं.

मग मोजायचं काय? चेअरचा वेग, रक्तातलं लॅक्टेट (जोर लावला की रक्तात वाढणारा पदार्थ), आणि सगळ्यात स्वस्त उपाय म्हणजे खेळाडूलाच विचारणं, सहा ते वीसमध्ये किती जोर लागतोय. ही पट्टी स्वीडनच्या गुन्नार बोर्गने बनवली, आणि गंमत बघा, सहा ते वीस असे विचित्र आकडे त्याने घेतले ते यासाठी की आकड्याला दहाने गुणलं की साधारण हृदयाचे ठोके यावेत. इथे नेमका तो गुणाकार मोडतो, पण पट्टी चालते. माणसाला किती दम लागलाय हे माणूस घड्याळापेक्षा बरं सांगतो.

त्याच वायरवर घामसुद्धा चालतो, आणि हा भाग मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो, कारण यात जीव जाऊ शकतो. माठातलं पाणी गार का होतं, तर तो बाहेरून पाझरतो आणि ते पाणी उडताना उष्णता घेऊन जातं. आता त्याच माठाला बाहेरून ऑइल पेंट मारा, पाणी कोमटच राहणार. मानेत पूर्ण इजा असलेला खेळाडू म्हणजे असा पेंट मारलेला माठ, मेंदूचा 'घाम सोड' हा निरोप खाली पोचतच नाही. बंद हॉलमध्ये, एसी चालू असतानाही मॅचमध्ये त्यांच्या अंगातलं तापमान चढत जातं आणि ब्रेकमध्ये बसल्यावरही लगेच उतरत नाही. म्हणून साइडलाइनला कोच पाण्याचा स्प्रे घेऊन उभा असतो, इस्त्री करायच्या आधी मारतात तो साधा स्प्रे, तो तोंडावर, मानेवर, हातांवर मारत राहायचं, म्हणजे बाहेरून दिलेला घामच. बर्फाचं जॅकेट मॅचच्या आधीच घालतात. आपल्याकडे मे महिन्यात सकाळी दहाला ग्राउंडवर ट्रेनिंग ठेवणारे लोक आहेत, त्यांनी निदान हा पॅरा दोनदा वाचावा.

याच बिघाडातून एक भयानक प्रकार निघालाय. छातीच्या सहाव्या मणक्याच्या वर इजा असेल तर खालच्या शरीरात काही दुखलं खुपलं, लघवीची पिशवी तुंबली, पट्टा फार आवळला गेला, तर खेळाडूला ते जाणवत नाही, पण खालच्या नसा आपल्या आपणच रक्तवाहिन्या आवळतात आणि बीपी एकदम वर जातं. डोकं ठणकतं, चेहरा लाल होतो, अंगावर काटा येतो, वेळेत कारण सापडलं नाही तर मेंदूत रक्तस्राव होऊ शकतो. पण बीपी वाढलं की रक्त जास्त पोचतं आणि परफॉर्मन्स सुधारतो, नव्वदच्या दशकातल्या एका प्रयोगात व्हीलचेअर रेसची वेळ जवळपास दहा टक्क्यांनी सुधारली होती. मग काही खेळाडू हे मुद्दाम करायला लागले, कॅथेटर, म्हणजे लघवीची नळी, चिमटा लावून बंद ठेवायचा, पट्टा करकचून बांधायचा. याला 'बूस्टिंग' म्हणतात आणि यावर बंदी आहे, स्पर्धेच्या आधी बीपी तपासतात, वरचा आकडा १६० किंवा जास्त निघाला आणि थोड्या वेळाने परत तपासूनही उतरला नाही तर खेळू देत नाहीत. औषध न घेता केलेलं डोपिंग. पण रोजच्या सरावात हे कुणी न करताही होतं, म्हणून या खेळाडूंच्या कोचला "वॉर्मअप झाला का" याच्या आधी "लघवी करून आलास का" हे न लाजता विचारता आलं पाहिजे. आणि एका ग्राउंडवर मी स्वतः पाहिलंय, टॉयलेटला तीन पायऱ्या, त्यामुळे दोन मुली सकाळपासून पाणीच प्यायल्या नव्हत्या. तिथे डाएट चार्ट वाटून काय उपयोग?

खांद्याचंही तसंच. चेअरवरच्या खेळाडूला 'रेस्ट डे' असा नसतोच. सुट्टीच्या दिवशीही बेडवरून चेअरवर, चेअरवरून रिक्षात, रॅम्प चढून दुकानात, सगळं त्याच दोन खांद्यांवर. हुशार कोच हा हिशोब ट्रेनिंगच्या वहीत लिहितो. आणि चेअर सतत पुढे ढकलून छातीचे स्नायू आखडतात, पाठीचे मागे पडतात, म्हणून ओढायचे व्यायाम जास्त द्यायचे.

तिरंदाज शीतल देवीचं उदाहरण तर बहुतेकांनी व्हिडिओत पाहिलंच असेल. जम्मूच्या किश्तवाडची मुलगी, जन्मापासून दोन्ही हात नाहीत. धनुष्य उजव्या पायाने धरते, दोरी उजव्या खांद्याने ओढते आणि जबड्याने बाण सोडते. पॅरिसच्या रँकिंग राउंडला ७२० पैकी ७०३, आणि राकेश कुमारबरोबर मिक्स्ड टीमचं ब्राँझ, तेव्हा वय फक्त १७. कटऱ्याच्या अकादमीत कुलदीप वेदवान आणि अभिलाषा चौधरी या कोचेसनी तिला शिकवलं तेव्हा त्यांच्यासमोर अमेरिकेच्या मॅट स्टुट्झमनचं उदाहरण होतं, तोही बिनहाताचा, पायाने धनुष्य धरणारा. बाकी तिरंदाजांना जे खांद्याच्या स्थिरतेचे व्यायाम देतात ते इथे मांडी, खुबा आणि पोटाला द्यायचे, कारण धनुष्याचा 'हात' तिचा पाय आहे. स्टुलावर बसून एक पाय छातीच्या उंचीवर धरायचा आणि हलू द्यायचा नाही, घरी दहा सेकंद करून बघा, मांडी थरथरायला लागते.

राहिले अंध खेळाडू. आपल्या कोचेसची निम्मी भाषा म्हणजे "असं कर, असं नको, हे असं". दिसत नसलेल्या मुलासमोर ही भाषा शून्य. तिथे कोचला पळण्याच्या पोझमध्ये स्वतः उभं राहून मुलाचे हात आपल्या कोपरावर, गुडघ्यावर ठेवू द्यावे लागतात, किंवा "कोपर मागे जाताना हात खिशाला घासला पाहिजे" असं शब्दांत सांगावं लागतं. मजा म्हणजे हे वाक्य डोळस मुलांनाही जास्त पटकन कळतं.

आणि झोप. आपलं शरीराचं घड्याळ चोवीस तासांपेक्षा थोडं हळू चालतं, रोज सकाळचा उजेड डोळ्यात गेला की ते जुळतं. ज्याच्या डोळ्यांपर्यंत उजेडच पोचत नाही अशा काही जणांचं घड्याळ रोज थोडं थोडं सरकत जातं, काही आठवड्यांनी शरीराची मध्यरात्र दुपारी येते. मग पोरगा दोन आठवडे झकास पळतो आणि पुढचे दोन आठवडे मेल्यासारखा, कोच म्हणतो आळशीपणा आलाय. सगळ्या अंध लोकांना हे होत नाही, काहींच्या डोळ्यांना दिसत नसूनही उजेडाचा निरोप मेंदूला जातो, म्हणून झोपेची वही ठेवल्याशिवाय काही ठरवू नये.

हे सगळं वाचून शहाणा झालो होतो तेव्हा एका ओळखीच्या अंध धावपटूने विचारलं, "रविवारी गाइड म्हणून पळशील का, माझा नेहमीचा येत नाहीये." दोघांच्या हातात एका छोट्या दोरीची दोन टोकं, त्याचा उजवा हात आणि माझा डावा, दोन्ही एकत्र पुढे जायला हवेत, म्हणजे पायही आरशातल्यासारखे जुळतात. मी उंच, माझी ढांग लांब, पहिल्या शंभर मीटरमध्येच दोरी तीनदा ताणली. नियमाप्रमाणे गाइडने खेळाडूला ओढायचं नसतं आणि रेषा खेळाडूच्या आधी ओलांडायची नसते, मी दोन्ही केलं. वर सारखा बोलत होतो, आता वळण, आता सरळ. तिसऱ्या राउंडला तो म्हणाला, "दादा, वळणाचं सांगू नकोस, तू वळणाच्या आधी श्वास रोखतोस, दोरीतून कळतं मला."

पुढच्या रविवारी मी मुद्दाम नीट श्वास घेत, एक शब्दही न बोलता पळालो. पहिल्याच वळणाला तो सरळ निघाला आणि आम्ही दोघं चार नंबरच्या लेनमध्ये.