हापूस, वाइन आणि बुडबुडे: वायू ग्लासात कसा टिकवायचा

मे महिन्याच्या दुपारी ठाण्यातल्या स्वयंपाकघरात पारा सहज ३३-३४ अंशांवर असतो. ओट्यावर हापूसचा रस, शेजारी नाशिकच्या स्पार्कलिंग वाइनची बाटली. रसावर वाइन ओतली की पिवळा फेस सर्रकन वर चढतो आणि काठावरून ओघळून ओट्यावर पसरतो. फेस बसल्यावर ग्लासात उरतं ते कोमट, आंबूस सरबत. आंबा चांगला होता, बाटलीतही काही खोट नव्हती. फक्त वाइनमधला वायू जिभेपर्यंत पोचायच्या आधीच उडून गेला. फळाचं स्पार्कलिंग कॉकटेल घरी बिघडतं ते बहुतेक वेळा इथेच. वायू सांभाळला की चव जुळवायला फारसे कष्ट पडत नाहीत.

आधी बाटलीत काय असतं ते पाहू. दुसऱ्यांदा आंबवण्याची क्रिया बाटलीतच झालेल्या वाइनमध्ये, म्हणजे शॅम्पेनच्या पद्धतीने केलेल्या वाइनमध्ये, ७५० मिलीच्या बाटलीमागे साधारण ९ ग्रॅम कार्बन डायऑक्साइड विरघळलेला असतो. आपल्याकडे नारायणगावला १९८०च्या दशकातच या पद्धतीने वाइन बनू लागली होती. हा ९ ग्रॅम वायू मोकळा केला तर सुमारे ५ लिटर जागा व्यापेल. तो पाऊण लिटरच्या बाटलीत कोंडलेला असतो, म्हणून आतला दाब गाडीच्या टायरमधल्या हवेच्या दुपटीहून जास्त असतो.

इंग्लंडचे विल्यम हेन्री यांनी १८०३ मध्ये दाखवून दिलं, की द्रवात किती वायू विरघळेल हे त्याच्यावर असलेल्या त्या वायूच्या दाबावर ठरतं. बूच निघालं, दाब गेला, की विरघळलेला वायू बाहेर यायला लागतो. तो किती घाईने येणार, हे तापमान ठरवतं. बाहेरचा दाब नेहमीचा असताना एक लिटर पाण्यात ० अंशाला सुमारे १.७ लिटर कार्बन डायऑक्साइड मावतो, २० अंशाला ०.९ लिटरच्या आसपास आणि ३० अंशाला त्याहूनही कमी. वाइनमध्ये आकडे थोडे बदलतात, कल तोच राहतो. म्हणून वाइन, रस आणि ग्लास तिन्ही गार हवेत. थंडगार वाइन कोमट रसावर ओतली तर वाइन गार करायला घालवलेले तीन तास वाया गेले असं समजा.

पण नुसत्या गारव्याने भागत नाही. बुडबुडा आपोआप जन्माला येत नाही, त्याला सुरुवातीला हवेचा एखादा कण लागतो. फ्रान्समधल्या रीम्स विद्यापीठातले भौतिकशास्त्रज्ञ जेरार लिजे-बेलेर यांनी अतिवेगवान कॅमेऱ्याने ग्लासातल्या बुडबुड्यांचा उगम शोधला. बहुतेक माळा निघत होत्या त्या काचेला चिकटलेल्या सूक्ष्म धाग्यांतून. कापडाचे किंवा हवेतून आलेले हे सेल्युलोजचे धागे आतून पोकळ असतात. वाइन ओतली की त्या पोकळीत इवलीशी हवा अडकून राहते. विरघळलेला वायू त्या हवेत शिरतो, बुडबुडा फुगतो, सुटतो, आणि मागे उरलेल्या हवेवर पुढचा वाढू लागतो. काच अगदी निष्कलंक असेल तर वाइनला बुडबुडे जवळपास येतच नाहीत.

आता आंब्याचा रस डोळ्यांसमोर आणा. त्यात धागे आहेत, पेशींचे तुकडे आहेत, आणि मिक्सरमध्ये फिरवला असेल तर हवेचे असंख्य बारीक कणही आहेत. ग्लासच्या काचेवर बुडबुड्यांच्या जन्माच्या जागा मोजक्या असतात, रसात त्या लाखोंनी असतात. वाइन त्यावर पडली की सगळीकडून एकदम बुडबुडे सुटतात. शिवाय फळातलं पेक्टिन रस दाट करतं, त्यामुळे फेस लवकर मोडत नाही आणि काठावरून बाहेर येतो. मिक्सरमधून नुकताच काढलेला आमरस या कॉकटेलला सर्वांत वाईट, याचं कारण हेच.

म्हणून रस हाताने करायचा. सहा ग्लासांसाठी मध्यम आकाराचे दोन पिकलेले हापूस घ्या. वाशीच्या फळबाजारात किंवा जांभळी नाक्यावर घेताना देठाजवळ वास पाहा. तिथे वास नसेल तर ग्लासातही येणार नाही. घरी आमरसासाठी पिळतो तसे आंबे पिळा, गर पुरणाच्या चाळणीतून घासून घ्या आणि मग चहाच्या बारीक गाळणीतून पुन्हा गाळा. पायरी घेतलात तर दुसऱ्यांदा गाळणं टाळूच नका, तिच्यात धागे जास्त. असा गाळलेला रस १५० ग्रॅम मोजून घ्या. त्यात ३० मिली गार पाणी आणि १० मिली लिंबाचा रस घालून चमच्याने सावकाश ढवळा. रवी किंवा बीटर लावू नका. साधारण १८० मिली मिश्रण होतं, प्रत्येक ग्लासाला ३० मिली. झाकून तासभर फ्रिजमध्ये ठेवा. तेवढ्या वेळात अडकलेली हवा वर येते आणि पृष्ठभागावर फिकट फेसाची साय धरते. ती चमच्याने काढून टाका. दोन मिनिटांचं हे काम केलं नाही, तर पुढे ग्लास उतू जायची निम्मी तयारी आपणच करून ठेवलेली असते.

आमरसात सवयीने दूध, वेलची किंवा केशर पडतं. इथे तिन्ही नको. वाइनचा सामू (आंबटपणाचं माप; आकडा जितका कमी तितकी आंबट) साधारण ३ ते ३.५ असतो आणि दुधातलं केसिन हे प्रथिन ४.६च्या आसपासच फाटतं, त्यामुळे ग्लासात दह्यासारख्या गुठळ्या होतात. वेलचीची पूड म्हणजे पुन्हा बुडबुड्यांसाठी हजारो जागा.

साखर घालावी का? हिशेब करून पाहा. ३० मिली मिश्रणात २५ ग्रॅम रस असतो. हापूसमध्ये १६ टक्क्यांच्या आसपास साखर धरली तर ४ ग्रॅम झाली. बाटलीवर ‘ब्रूट’ लिहिलेलं असेल तर लिटरमागे जास्तीत जास्त १२ ग्रॅम साखर, म्हणजे १२० मिली वाइनमध्ये दीड ग्रॅमहून कमी. दीडशे मिलीच्या ग्लासात एकूण साडेपाच ग्रॅम, म्हणजे लिटरला ३६ ग्रॅम. वाइनच्या भाषेत हा ‘डेमी-सेक’चा गोडवा, बऱ्यापैकी गोड. वरून साखर नको आणि वाइन ब्रूटच घ्यावी. ‘डेमी-सेक’ घेतली तर कॉकटेल पाकासारखं लागेल. एक फसवी गोष्ट अशी की ‘एक्स्ट्रा ड्राय’ ही ब्रूटपेक्षा गोड असते, नावावर जाऊ नका. डबाबंद रस वापरणार असाल तर त्यात आधीच साखर असते, तेव्हा ३० ऐवजी २० मिली घ्या.

व्हेनिसच्या हॅरीज बारमध्ये जुसेप्पे चिप्रियानी यांनी लोकप्रिय केलेल्या बेलिनी या कॉकटेलात पांढऱ्या पीचचा गर एक भाग आणि प्रोसेको ही इटलीची स्पार्कलिंग वाइन दोन भाग असते. हापूस पीचपेक्षा दाट आणि गोड, म्हणून आपलं प्रमाण एकास चार. एकास दोन केलंत तर वाइन कुठे जाणवतच नाही.

बाटली फ्रिजच्या मागच्या बाजूला किमान तीन तास ठेवा. दारातल्या कप्प्यात तापमान सारखं हलतं. घाई असेल तर बादलीत अर्धा बर्फ, अर्धं पाणी आणि मूठभर जाडं मीठ. पंचवीस-तीस मिनिटांत काम होतं. नुसत्या बर्फात बाटलीभोवती हवा राहते आणि हवा उष्णता सावकाश वाहून नेते, म्हणून पाणी हवंच. फ्रीझरमध्ये बाटली विसरू नका. वाइनमधलं पाणी गोठायला लागलं की प्रसरण पावतं आणि आधीच दाबाखाली असलेली काच तडकू शकते. घोडबंदर रोडवरचे खड्डे खात दुचाकीच्या डिकीतून आलेली बाटली लगेच उघडायची नाही. हादऱ्यांनी द्रवात बारीक बुडबुडे पसरलेले असतात. रात्रभर उभी राहू दे.

उघडताना वरचा कागद काढा, बुचावर अंगठा दाबून ठेवा आणि तारेची जाळी सैल करा. जाळी सैल झाल्यापासून अंगठा काढायचा नाही. बाटली ४५ अंशांत तिरकी धरून बूच घट्ट पकडा आणि बाटली फिरवा. बूच वर यायला लागलं की त्याला उलट दाबत सावकाश सोडा, हलकंसं ‘फुस्स’ व्हायला हवं. मोठा ‘फट्’ झाला तर बूच ताशी ५० किलोमीटरच्या आसपास वेगाने सुटू शकतं. ते कुणाच्या डोळ्यांच्या दिशेने नको, ट्यूबलाइटच्याही नको.

ग्लास उंच आणि अरुंद घ्या, १८० ते २०० मिलीचा. पसरट ग्लासात द्रवाचा पृष्ठभाग मोठा, वायू लवकर जातो. ग्लास धुताना साबणाचा अंशही राहू देऊ नका. वाइनचा फेस द्राक्षातल्या प्रथिनांवर उभा असतो आणि साबण किंवा तेलकटपणा त्याला क्षणात मोडतो. गरम पाण्याने खळखळून धुवा, उपडा ठेवून वाळवा, मग थोडा वेळ फ्रिजमध्ये ठेवा.

आता ओतणं. ग्लासात ३० मिली मिश्रण घाला, त्यावर फक्त २० मिली वाइन, आणि लांब चमच्याने दोनदा हलकेच फिरवा. फेस येईल, येऊ द्या. वीसेक सेकंदांत तो बसतो. या थोड्याशा वाइनचा वायू आपण जाणून खर्च करतो. रसात उरलेली हवा या फेसाबरोबर निघून जाते आणि रस पातळ होतो. मग ग्लास तिरका करून उरलेली १०० मिली वाइन काचेच्या कडेने हळू सोडा. लिजे-बेलेर यांच्याच गटाने २०१० मध्ये मोजून दाखवलं, की शॅम्पेन बिअरसारखी तिरक्या ग्लासात ओतली तर उभ्या ग्लासात ओतण्यापेक्षा वायू जास्त टिकतो, आणि वाइन जितकी गार तितका तोटा कमी. शेवटी चमचा तळापर्यंत नेऊन एकदाच वर उचला. रस वाइनपेक्षा जड असल्याने तळाशी बसतो, त्याला एवढाच आधार पुरतो. गरगर ढवळलं तर सगळी मेहनत गेली.

हापूसच्या ग्लासात बुडबुड्यांच्या माळा दिसत नाहीत, रस अपारदर्शक असतो. ग्लास कानाजवळ न्या. बारीक, अखंड चरचर ऐकू आली तर काम जमलं. पृष्ठभागावर फुटणारा प्रत्येक बुडबुडा सूक्ष्म तुषार वर उडवतो, आणि त्यांच्याबरोबर गंध नाकापर्यंत येतो. हापूसच्या गंधावर पुण्याच्या राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेत बारकाईने काम झालं आहे. पिकताना त्यात लॅक्टोन आणि फ्युरॅनोन ही संयुगं तयार होतात, हापूसचा तो ओळखीचा वास बराचसा त्यांचा. बुडबुडे संपले की तो ग्लासाच्या तळाशीच राहतो.

ग्लासाच्या काठाला मीठ-साखर किंवा चाट मसाला लावायची हौस असेल तर आवरा. स्फटिकांच्या खाचांत हवा असते, दाणे आत पडले की फेस उसळतो. बर्फ घालायचाच असेल तर तो आधी पाण्याखाली धरून त्यावरची खरखरीत हिमाची साय घालवा, गुळगुळीत बर्फावर बुडबुडे कमी धरतात.

जूनमध्ये बदलापूरची जांभळं आली की त्यांचं कॉकटेलही छान होतं. फक्त मिश्रण ३० ऐवजी २० मिली ठेवा. जांभळातलं टॅनिन जीभ आकसून टाकतं आणि वाइनची आंबट चव त्यात भर घालते. बी ठेचली जाणार नाही याची काळजी घ्या. आम्लात जांभळातली अँथोसायनिन रंगद्रव्यं लालसर होतात, त्यामुळे गडद रस वाइन पडताच सुंदर गुलाबी-तांबडा दिसतो. हिवाळ्यात महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी घ्याल तर १५० ग्रॅम गाळलेल्या गरात १० ग्रॅम पिठीसाखर विरघळवा आणि लिंबाचा रस निम्माच घाला. बारीक गाळणीने बिया काढणं इथे फार महत्त्वाचं. मद्य न घेणाऱ्यांसाठी हेच सगळं थंडगार सोड्यावर तसंच चालतं.

वाइनमध्ये १२ टक्के अल्कोहोल धरलं तर एका ग्लासात सुमारे ११ ग्रॅम अल्कोहोल जातं. गोडव्यामुळे ते जाणवत नाही आणि दुसरा ग्लास लवकर संपतो. गाडी चालवणाऱ्याच्या रक्तात १०० मिलीमागे ३० मिलिग्रॅम ही कायद्याची मर्यादा आहे, तेव्हा गाडी घेऊन आलेल्याला सोड्याचाच ग्लास द्या.

बाटलीत वाइन उरली तर बाटलीच्या तोंडात चमचा उभा करून ठेवण्याचा उपयोग नाही, त्याने वायू थांबत नाही. साधं बूच दाबून बसवलं तर दाबाने उडतं. चिमट्यासारखी पकड असलेलं स्पार्कलिंगचं झाकण लावून बाटली फ्रिजमध्ये उभी ठेवा आणि दुसऱ्या दिवशी संपवा. उरलेला आंब्याचा रस मात्र वाइनमध्ये मिसळून ठेवू नका, सकाळपर्यंत तिच्यात एकही बुडबुडा शिल्लक राहणार नाही.