‘रशिया’ म्हणजे नेमकं कोण? सोव्हिएत संघ आणि आजचा रशिया

शाळेत असताना माझ्या वह्यांना ‘सोव्हिएत देश’च्या जुन्या अंकांची कव्हरं असायची. कागद जाड आणि गुळगुळीत, रंग उठावदार. ट्रॅक्टर, धरणं, गोबऱ्या गालांची मुलं. वर ठळक अक्षरांत ‘सोव्हिएत’ छापलेलं असलं तरी घरात सगळे म्हणायचे, “ते रशियाचं पुस्तक आण, त्याची पानं चांगली टिकतात.” अण्णा भाऊ साठे 1961 मध्ये सोव्हिएत संघ पाहून आले, तेव्हा त्यांच्या प्रवासवर्णनाचं नावही ‘माझा रशियाचा प्रवास’ असंच होतं. मराठीत हा शब्द इतका मुरलाय की वर्तमानपत्रंसुद्धा बरीच वर्षं ‘सोव्हिएत रशिया’ लिहून वेळ मारून नेत.

1991 पर्यंत त्यानं फार बिघडत नव्हतं. आता बिघडतं. युक्रेनच्या युद्धाचा विषय निघाला की कुणीतरी हमखास म्हणतं, “एकाहत्तरला रशिया आपल्या पाठीशी उभा होता, हे विसरू नका.” विसरू नयेच. पण तेव्हा पाठीशी उभा होता तो सोव्हिएत संघ, आणि त्या संघात युक्रेनही होता.

सोव्हिएत संघ 30 डिसेंबर 1922 रोजी स्थापन झाला. पुढे त्यात 15 प्रजासत्ताकं होती. रशिया हे त्यांतलं सगळ्यांत मोठं, पण पंधरांपैकी एक. 1989 च्या जनगणनेत संघाची लोकसंख्या साधारण 28.7 कोटी भरली, त्यांपैकी रशियात राहणारे 14.7 कोटी. म्हणजे आपण सरसकट ज्यांना ‘रशियन’ म्हणायचो, त्यांतले जवळपास निम्मे लोक रशियाबाहेरचे होते. सत्तेची सूत्रं मॉस्कोत होती हे खरं, पण सूत्रं हातात असलेली माणसं कुठली होती ते पाहा. स्टालिन जॉर्जियाचा. 1971 मध्ये देशाचा सर्वोच्च नेता असलेला ब्रेझ्नेव्ह युक्रेनमध्ये जन्मलेला. 9 ऑगस्ट 1971 रोजी दिल्लीत आपले परराष्ट्रमंत्री स्वर्णसिंग यांच्याबरोबर भारत-सोव्हिएत मैत्री करारावर सही करणारे सोव्हिएत परराष्ट्रमंत्री आंद्रेई ग्रोमिको मूळचे बेलारूसमधल्या एका खेड्यातले.

मग 1991 मध्ये काय झालं? आपल्याकडच्या एकत्र कुटुंबाच्या वाटण्या डोळ्यांसमोर आणल्या तर पटकन कळतं. 8 डिसेंबरला रशिया, युक्रेन आणि बेलारूसच्या नेत्यांनी बेलोवेझच्या जंगलातल्या एका विश्रामगृहात बसून घर मोडल्याचं जाहीर केलं. 25 डिसेंबरला सोव्हिएत संघाचे अध्यक्ष गोर्बाचेव्ह यांनी राजीनामा दिला आणि क्रेमलिनवरचा लाल झेंडा उतरला. वाटणीत थोरल्या भावानं वाडा, तिजोरी आणि कर्जाच्या चिठ्ठ्या असं सगळंच आपल्याकडे ठेवलं. परदेशांतल्या वकिलाती आणि मालमत्ता रशियाकडे, बदल्यात सगळं परकीय कर्जही रशियाकडे, असा तो व्यवहार होता. त्या कर्जाचा अखेरचा हप्ता रशियानं 2017 मध्ये फेडला. युक्रेनच्या संसदेनं मात्र या व्यवहाराला कधीच मंजुरी दिली नाही.

सगळ्यांत मोलाची वस्तू होती सुरक्षा परिषदेतली कायमची जागा. 24 डिसेंबर 1991 रोजी रशियाचे अध्यक्ष येल्त्सिन यांनी संयुक्त राष्ट्रांच्या सरचिटणीसांना पत्र धाडलं की सोव्हिएत संघाचं सदस्यत्व यापुढे रशियन महासंघ चालवील. त्यावर मतदान झालं नाही, कुणी हरकतही घेतली नाही. संयुक्त राष्ट्रांच्या सनदेच्या 23 व्या कलमात आजही रशियाचं नाव नाही, तिथे ‘सोव्हिएत समाजवादी प्रजासत्ताकांचा संघ’ असंच लिहिलेलं आहे. युक्रेन आणि बेलारूस हे 1945 पासूनच संयुक्त राष्ट्रांचे स्वतंत्र संस्थापक सदस्य आहेत, हेही बहुतेकांच्या लक्षात नसतं.

कायद्याच्या भाषेत, म्हणजे, आजचा रशिया हा सोव्हिएत संघाचा पुढे चालू राहिलेला देश आहे. करार, व्हेटो म्हणजे सुरक्षा परिषदेतला नकाराधिकार, अणुबॉम्ब सगळं त्याच्याकडे आलं. पण आपल्या आठवणीतल्या कितीतरी गोष्टी त्याच्याकडे आल्या नाहीत. शास्त्रीजींचं निधन ‘रशियात’ झालं असं म्हणतात. ताश्कंद आज उझबेकिस्तानची राजधानी आहे. राकेश शर्मा 3 एप्रिल 1984 रोजी ज्या बैकोनूरहून अंतराळात गेले, ते कझाकस्तानात आहे आणि रशिया त्या तळाचं दरवर्षी साडेअकरा कोटी डॉलर भाडं भरतो. लेहला रसद पोहोचवणारी आपल्या हवाईदलाची एएन-32 विमानं युक्रेनच्या कीव्हमधल्या अँतोनोव्ह कंपनीची. माझगाव गोदीत बांधलेल्या ‘कोलकाता’ आणि ‘विशाखापट्टणम’ वर्गाच्या विनाशिकांना पुढे ढकलणारी गॅस टर्बाइनं युक्रेनच्या मिकोलाइव शहरातल्या कारखान्याची. ज्या देशाचं नाव मुंबईकराच्या तोंडी क्वचितच येतं, त्याची यंत्रं त्याच्या डोळ्यांसमोरच्या समुद्रात फिरतात.

परराष्ट्र धोरणातला फरक याहून खोल आहे, आणि आपल्या दृष्टीनं त्याचा गाभा चीन आहे.

1971 चा करार निव्वळ प्रेमातून झाला नव्हता. मार्च 1969 मध्ये उसुरी नदीवरच्या एका लहानशा बेटावरून सोव्हिएत आणि चिनी सैनिकांत रक्तरंजित चकमकी झाल्या होत्या. जुलै 1971 मध्ये अमेरिकेचे सुरक्षा सल्लागार किसिंजर पाकिस्तानातून गुपचूप बीजिंगला जाऊन आले. चीन, पाकिस्तान आणि अमेरिका एका बाजूला येताहेत, हे दिल्लीलाही दिसलं आणि मॉस्कोलाही. महिन्याभरात करार झाला. डिसेंबरात सुरक्षा परिषदेत सोव्हिएत संघानं तीनदा व्हेटो वापरला आणि आपल्या फौजांना ढाक्यापर्यंत पोहोचायला लागणारे दिवस मिळवून दिले. ही मदत खरी होती, मोठी होती. पण तिच्यामागे चीनशी असलेलं वैर होतं. त्याआधी ऑक्टोबर 1962 मध्ये, भारत-चीन युद्धाच्या वेळी, क्यूबातल्या क्षेपणास्त्रांवरून अमेरिकेशी पेचात अडकलेल्या मॉस्कोला चीन जवळ हवा होता, तेव्हा त्याच सोव्हिएत संघानं आपल्याला चीनचं म्हणणं ऐकून घ्यायचा सल्ला दिला होता.

आज ते गणित उलटं झालंय. 4 फेब्रुवारी 2022 रोजी पुतिन आणि शी जिनपिंग यांनी आपल्या मैत्रीला मर्यादा नाहीत असं जाहीर केलं, तीन आठवड्यांत युक्रेनवर चढाई झाली, आणि निर्बंधांनंतर रशियाचा व्यापार चीनवर आणखी टेकला. 2020 च्या गलवानमधल्या भारत-चीन चकमकीनंतर मॉस्कोनं कुणाचीच बाजू घेतली नाही. सप्टेंबर 2020 मध्ये दोन्ही देशांचे परराष्ट्रमंत्री जयशंकर आणि वांग यी यांची भेट मॉस्कोत झाली, तेवढी मध्यस्थाची खुर्ची त्यानं मांडली. सोव्हिएत संघ चीनच्या पलीकडे बसलेला आपला मित्र होता. रशिया चीनच्या शेजारी बसलेला मित्र आहे. दोघांनाही ‘रशिया’ म्हटलं की हा फरक वाक्यात कुठे दिसतच नाही, आणि माझ्या मते सगळ्यांत घातक गोंधळ तोच.

दुसरा फरक विचारसरणीचा. सोव्हिएत संघाला जगभर माणसं होती. गिरणगावात लाल बावटा खांद्यावर घेणाऱ्या कामगाराला मॉस्को कधी दिसलं नसेल, पण ते आपलं वाटायचं. अण्णा भाऊंनी स्टालिनग्राडवर पोवाडा रचला तो कुणी सांगितलं म्हणून नव्हे. वसाहतवादाविरुद्ध उभं राहणं हा या धोरणाचा जाहीर भाग होता आणि गोव्याला त्याचा थेट उपयोग झाला. 18 डिसेंबर 1961 रोजी, आपल्या फौजा गोव्यात शिरल्या त्याच दिवशी, अमेरिका, ब्रिटन, फ्रान्स आणि तुर्कस्ताननं सुरक्षा परिषदेत युद्धबंदीचा आणि फौजा मागे घेण्याचा ठराव आणला. सात मतं ठरावाच्या बाजूनं पडली. सोव्हिएत संघाच्या व्हेटोनं तो पडला. दुसऱ्या दिवशी गोवा मुक्त झाला.

याच सोव्हिएत संघानं 1956 मध्ये हंगेरीत, 1968 मध्ये चेकोस्लोव्हाकियात रणगाडे घातले आणि 1940 मध्ये तिन्ही बाल्टिक देश गिळले. लिथुआनियाच्या किंवा एस्टोनियाच्या माणसापुढे आपण ‘जुना मित्र’ म्हणून उमाळे काढले तर त्याच्या अंगावर काटा येतो, आणि त्यात त्याचं काही चुकत नाही.

आजच्या रशियाजवळ जगाला देण्यासारखं तत्त्वज्ञान नाही. तो इतिहासाची, रशियन भाषकांची आणि पश्चिमेनं फसवल्याची भाषा बोलतो. त्याचा पल्लाही आखडलाय. वॉर्सा करार या सोव्हिएत लष्करी गटातले त्याचे सगळे जुने साथीदार आज नाटो या अमेरिकेच्या लष्करी गटात आहेत, 2023 मध्ये शेजारचा फिनलंडही तिकडे गेला. आर्मेनियानं रशियाच्या लष्करी गटातला सहभाग थांबवला. डिसेंबर 2024 मध्ये सीरियात असद यांची सत्ता कोसळली आणि मॉस्को त्यांना फक्त आसरा देऊ शकलं. खुद्द पुतिनही दोन्ही देश एक मानत नाहीत. 2005 मध्ये त्यांनी संघाच्या विघटनाला शतकातली मोठी भूराजकीय आपत्ती म्हटलं, पण 21 फेब्रुवारी 2022 च्या भाषणात युक्रेन ही लेनिनच्या बोल्शेविक कम्युनिस्टांनीच घडवलेली गोष्ट आहे असं सांगत दोष त्याच्यावर ठेवला. त्यांना सोव्हिएत संघाची ताकद हवी आहे, त्याची पंधरा घरांची रचना नको आहे.

व्यवहारातही हे दोन देश वेगळे वागले. सोव्हिएत काळात रुपयात व्यापार चालायचा. आपण शस्त्रं, यंत्रं, तेल घ्यायचो आणि त्या रुपयांत ते आपला चहा, कापड, औषधं, चामड्याच्या वस्तू घ्यायचे. किती माल कुठून कुठे जायचा हे दोन्ही सरकारं बसून ठरवत, त्यामुळे हिशेब जुळायचा. पवईच्या आयआयटीसाठीही युनेस्कोमार्फत सोव्हिएत मदत आली. आता तसं ठरवणारं कुणी नाही. 2022 नंतर आपली रशियन तेलाची खरेदी एकूण आयातीच्या दोन टक्क्यांहून कमी होती ती एक तृतीयांशापर्यंत गेली, पण त्यांनी आपल्याकडून घ्यावं असं फारसं काही नव्हतं. मे 2023 मध्ये गोव्यात शांघाय सहकार्य संघटनेच्या बैठकीला आलेल्या रशियन परराष्ट्रमंत्री लाव्हरोव्ह यांनी पत्रकारांना सांगितलं की भारतीय बँकांत आमचे अब्जावधी रुपये पडून आहेत आणि ते वापरायचे कसे हा प्रश्न आहे.

बदलाची पहिली झळ मात्र खूप आधी लागली होती. जानेवारी 1991 मध्ये सोव्हिएत अंतराळ संस्था ग्लावकॉसमॉसशी इस्रोचा करार झाला, क्रायोजेनिक म्हणजे अतिथंड द्रव इंधनावर चालणारी रॉकेट इंजिनं आणि ती बनवण्याचं तंत्रज्ञान दोन्ही मिळणार होतं. वर्ष संपायच्या आत करार करणारा देशच उरला नाही. 1993 मध्ये अमेरिकेच्या दडपणाखाली येल्त्सिनच्या रशियानं तंत्रज्ञान द्यायला नकार दिला, फक्त तयार इंजिनं दिली. स्वतःच्या क्रायोजेनिक इंजिनावर जीएसएलव्ही हे रॉकेट यशस्वीपणे उडवायला आपल्याला जानेवारी 2014 पर्यंत थांबावं लागलं. त्याच 1993 मध्ये नवा मैत्री करार झाला आणि 1971 च्या करारातलं संकटकाळी तातडीनं सल्लामसलत करण्याचं कलम त्यात राहिलं नाही.

तरी धागा तुटला असं मी म्हणणार नाही. ‘चक्र’ नावाची अणुपाणबुडी 1988 मध्ये सोव्हिएत संघानं भाड्यानं दिली, 2012 मध्ये त्याच नावाची दुसरी रशियानं दिली. नाशिकजवळ ओझरला पहिल्यांदा मिग-21 बनली ती सोव्हिएत परवान्यावर, त्याच कारखान्यात पुढे सुखोई-30 बनली ती रशियन परवान्यावर. ब्रह्मोस क्षेपणास्त्र हे तर रशियाबरोबरच उभं राहिलेलं काम.

डिसेंबर 2024 मध्ये ‘आयएनएस तुशील’ ही युद्धनौका कॅलिनिनग्राडला आपल्या नौदलात दाखल झाली. गोदी रशियाची. त्या गावाला उरलेल्या रशियापासून तोडणारा लिथुआनिया एकेकाळी त्याच संघातला. आणि जहाजाच्या पोटातली टर्बाइनं युक्रेनची. 2014 नंतर ती थेट रशियाला द्यायला युक्रेन तयार नव्हता, म्हणून भारतानं स्वतः विकत घेतली आणि रशियन गोदीत नेऊन दिली.