तारामती, राम, सीता आणि कॅमेऱ्याचं हँडल

नाशिकला पांडवलेण्यांच्या पायथ्याशी फाळके स्मारक आहे. दादासाहेबांचं नाव तिथे येणाऱ्या शाळकरी पोरालाही ठाऊक असतं. अण्णा साळुंके हे नाव मात्र प्रश्नमंजूषेपुरतं उरलं आहे: भारतीय चित्रपटातली पहिली नायिका कोण? एक पुरुष. लोक हसतात आणि पुढच्या प्रश्नाकडे वळतात. साळुंक्यांचं निम्म्याहून अधिक काम या उत्तराच्या बाहेर राहतं.

सुरुवात मुंबईची. ग्रँट रोडवरच्या एका उपाहारगृहात ते आचारी होते. 'राजा हरिश्चंद्र'साठी फाळक्यांना बायका मिळत नव्हत्या. साळुंक्यांची सडपातळ अंगलट आणि नाजूक हात त्यांच्या नजरेत भरले. महिना १० रुपयांवरून १५ रुपयांवर बोलणी झाली, असं सांगितलं जातं. ३ मे १९१३ रोजी गिरगावातल्या कॉरोनेशनमध्ये चित्रपट लागला. दत्तात्रय दाबके हरिश्चंद्र, फाळक्यांचा मुलगा भालचंद्र रोहिदास आणि साळुंके तारामती.

त्या काळी रंगभूमीवर पुरुषांनी स्त्रीभूमिका करणं नवं नव्हतं. बालगंधर्व तेव्हा ऐन भरात होते. पण नाटकातल्या स्त्रीपार्टीचा निम्मा भार गळा उचलायचा. मूकपटात गळा बाद. वर फिल्म अशी, की तिला लाल रंग दिसतच नसे. लाल ओठ काळे पडत, कपाळावरचं कुंकू काळं उमटे आणि निळं आभाळ पांढरंफटक. गालांवर नाटकासारखी लाली चढवली, तर चेहऱ्यावर खड्डे पडल्यासारखं दिसे. त्यात उघड्यावरचं उन्हातलं चित्रण. मिशी नुसती कापून भागत नसे, सफाचट लागे, कारण दाढीची खुंटं सावलीसारखी उमटत. वडील हयात असताना मिशी कशी काढायची, हा त्या वेळचा खरा पेच होता आणि स्त्रीभूमिकेसाठी नेमलेली माणसं तिथेच अडून बसत.

बायका मिळत नव्हत्या म्हणून साळुंके आले, हे १९१३ला लागू पडतं. पण फाळक्यांच्या लगेचच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई या दोघी पडद्यावर आल्या होत्या. तरीही १९१७च्या 'लंकादहन'मध्ये सीता साळुंकेच. आमच्या मते याचं कारण साधं आहे. दुर्गाबाई-कमलाबाई फिरत्या नाटक मंडळीतल्या, आज या गावी तर उद्या त्या. साळुंके फाळक्यांच्या हाताखाली तयार झालेले, कॅमेऱ्यापुढे किती हलायचं आणि कुठे थांबायचं हे त्यांना सांगावं लागत नसे.

पहिल्या यशानंतर फाळक्यांनी बिऱ्हाड नाशिकला हलवलं होतं. 'लंकादहन' इथेच झाला. त्यात साळुंक्यांनी रामही केला आणि सीताही. जिथून सीताहरण झालं असं आपण मानतो त्या पंचवटीच्या गावात हे घडलं, हा योगायोग नाशिककराला सांगायलाच नको. दुहेरी भूमिकेला कथाही सोयीची: सीता अशोकवनात, राम समुद्राच्या अलीकडे. दोघांना एका चौकटीत आणायचं, तर भिंगाचा अर्धा भाग झाकून एक बाजू चित्रित करायची, फिल्म उलटी गुंडाळायची, दुसरा अर्धा झाकून पुन्हा चालवायची. कॅमेऱ्याच्या हँडलचे वेढे मोजण्यात एकाची जरी चूक झाली, तर दोन्ही पात्रांचा मेळ बसत नाही. तिकाटणं जरा हललं तर मधोमध भुतासारखी रेघ. कथेतच ताटातूट असली की हा खटाटोप बराच वाचतो. गणपत शिंद्यांचा हनुमानही लोकांना भावला. सीतेचे दंड जरा पीळदार दिसतात असा शेरा नंतर अनेकांनी मारला, आणि तो खोटा नाही.

१९१८ला नाशिकमध्ये हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी उभी राहिली. इथल्या माणसांचा प्रवास पाहण्यासारखा आहे. 'राजा हरिश्चंद्र'तले विश्वामित्र गजानन साने पुढे दिग्दर्शक झाले, हनुमान झालेले शिंदेही दिग्दर्शक झाले, आणि तारामती-सीता कॅमेऱ्यामागे गेली. १९२२चा 'सत्यनारायण' आणि १९२३चा 'बुद्धदेव' यांत साळुंके पडद्यावरही आहेत आणि छायाचित्रणही त्यांचंच. त्यानंतर ते मुख्यतः कॅमेरामनच.

हे काम अंगमेहनतीचं होतं. कॅमेरा हाताने चालायचा: हँडलच्या एका वेढ्यात ८ चौकटी, सेकंदाला २ वेढे, म्हणजे सेकंदाला १६ चौकटी आणि बरोबर १ फूट फिल्म. हात मंदावला तर पडद्यावर माणसं धावतात, घाई झाली तर रेंगाळतात. पुन्हा जादा फिल्म खर्ची पडते ती वेगळीच. हजार फुटांच्या एका रिळामागे असे दोन हजार वेढे. वर्षानुवर्षं कॅमेऱ्यापुढे उभं राहिलेल्या माणसाला नटाची हालचाल कुठे तुटेल याचा अंदाज असणार. हा फायदा साध्या छायाचित्रकाराकडे नव्हता.

१९३१ला 'आलम आरा' हा पहिला भारतीय बोलपट आला. बोलपटात मोटरवर ठरलेल्या वेगाने चालणारा कॅमेरा लागे, हाताचा अंदाज कुचकामी ठरला. साळुंक्यांचं नाव त्याच सुमारास थांबतं, नाशिकची कंपनीही पाठोपाठ मिटली. १९३२च्या 'अयोध्येचा राजा'त दुर्गा खोट्यांची तारामती बोलली आणि गायलीही.

'लंकादहन'ची मूळ लांबी सुमारे ३,००० फूट. त्यातली ५०१ फूट उरली आहे, म्हणजे जेमतेम ८ मिनिटं. 'राजा हरिश्चंद्र'चं पहिलं आणि शेवटचं रीळ पुण्याच्या चित्रपट संग्रहालयात आहे. पण ते १९१३चं, की फाळक्यांनी १९१७ला पुन्हा काढलेल्या 'सत्यवादी राजा हरिश्चंद्र'चं, यावर अभ्यासकांचं एकमत नाही.