‘हाल’ : उच्चार एक, घराणी वेगळी

बेळगाव, खानापूर, निपाणी या पट्ट्यात ‘हाल’ हा उच्चार पाच निरनिराळ्या अर्थांनी कानावर पडतो. ‘पावसात लई हाल झाले’ यातला हाल म्हणजे त्रास. दुकानात कन्नड गिऱ्हाईक ‘अर्धा लीटर हाल कोड्री’ म्हणतं, तेव्हा ते दूध मागत असतं. उर्दू बोलणारा शेजारी ‘क्या हाल है’ विचारतो, त्यात त्रास गृहीत नसतो; बरी-वाईट जी असेल ती अवस्था तो विचारत असतो. लग्नासाठी ‘हाल’ ठरवतात तो इंग्रजी हॉल. आणि वाटेत उभ्या पोराला ‘जरा तिकडं हाल’ म्हटलं की ते क्रियापद.

हे सगळे मुळात एकच शब्द असावेत आणि अर्थ पुढे फाटत गेले असावेत, असं वाटणं साहजिक आहे. त्रास आणि अवस्था या दोघांच्या बाबतीत ते खरंही आहे. बाकी तिघांचा मात्र या दोघांशी संबंध नाही आणि आपसातही नाही. एवढं ठामपणे सांगता येतं, कारण प्रत्येकातला ‘ह’ कुठून आला हे शोधण्याची पद्धत भाषाविज्ञानात चांगली पक्की झालेली आहे.

सुरुवात दुधापासून करू, कारण तिथला पुरावा सगळ्यात भक्कम आहे. कन्नडमध्ये दूध म्हणजे ‘हालु’. उत्तर कर्नाटकच्या बोलीत शेवटचा ‘उ’ इतका हलका पडतो की मराठी कानाला नुसतं ‘हाल’च ऐकू येतं. आता द्रविड कुळातल्या इतर भाषा बघा. तमिळ आणि मल्याळममध्ये दूध म्हणजे ‘पाल्’, तेलुगूत ‘पालु’. कन्नडात ह, बाकीकडे प. एवढ्या एका जोडीवरून काही सिद्ध होत नाही. पण दहा म्हणजे कन्नड ‘हत्तु’, तमिळ ‘पत्तु’, तेलुगू ‘पदि’. साप म्हणजे ‘हावु’, ‘पांबु’, ‘पामु’. वाघ ‘हुलि’, तर तमिळ-तेलुगूत ‘पुलि’. दात ‘हल्लु’, तमिळ ‘पल्’, तेलुगू ‘पन्नु’. डुक्कर ‘हंदि’, तेलुगू ‘पंदि’. बाजारातली फळं म्हणजे ‘हण्णु’, तेलुगूत ‘पंडु’. शब्दाच्या सुरुवातीचा जुना प कन्नडात ठरावीक नियमाने ह झाला आहे. म्हणजे ‘हालु’ हा पूर्वीचा ‘पाल्’.

प चा ह होणं विचित्र वाटतं, पण तोंडात काय घडतं ते पाहिलं की उलगडतं. कागदाची बोटभर रुंद पट्टी ओठांसमोर धरा आणि ‘पा’ म्हणा. दोन्ही ओठ पूर्ण मिटतात, आत हवा कोंडते, ओठ उघडताच कागद एकदम हलतो. आता ओठ पुरते न मिटता, विस्तव फुंकताना ठेवतो तसे जवळ ठेवून तोच ‘पा’ म्हणायचा प्रयत्न करा. हवा कोंडत नाही, फटीतून घासत जाते आणि ‘फ’सारखा आवाज येतो. ओठांनी आणखी आळस केला, जवळ यायचंच सोडलं, की उरतो तो घशातून येणारा श्वास, म्हणजे ‘ह’. हाच प्रवास जपानीतही झाला आणि तिथला मधला टप्पा कागदावर सापडतो : १६०३ साली नागासाकीत छापलेल्या जपानी-पोर्तुगीज शब्दकोशात आज ह ने सुरू होणारे शब्द एफ या रोमन अक्षराने लिहिलेले आहेत.

कन्नडात हा बदल केव्हा झाला, हे शिलालेख सांगतात. हासन जिल्ह्यातल्या बेलूर तालुक्यात हल्मिडी नावाचं गाव आहे. तिथला शिलालेख पुरातत्त्वज्ञ एम. एच. कृष्ण यांनी १९३६ साली प्रकाशात आणला. तो इ. स. ४५० च्या सुमाराचा, म्हणजे कन्नडातल्या सर्वांत जुन्या लेखांपैकी मानला जातो. त्यात दान दिलेल्या गावाचं नाव ‘पल्मडि’ असं कोरलेलं आहे. आजचं हल्मिडी ते हेच. साधारण १० व्या शतकापासून लेखांत प च्या जागी ह दिसू लागतो आणि १४ व्या शतकापर्यंत तो रुळतो.

उसने आलेले शब्दही कालमापनाच्या कामाला येतात. सौंदत्तीला यल्लम्माच्या जत्रेला जाणाऱ्यांना ‘हुण्णिमे’ हा शब्द ओळखीचा असतो. ही संस्कृतातली पौर्णिमाच. प्राकृतासारख्या रूपात ती कन्नडात आधीच मुरली होती, म्हणून बदलाच्या वेळी तिचाही प गेला आणि ह आला. ‘पुस्तक’ मात्र आजही पुस्तकच आहे. असे शब्द एकतर बदल उरकल्यावर आले किंवा लिहित्या-वाचत्या लोकांच्या तोंडी संस्कृताच्या धाकाने जसेच्या तसे राहिले. एखाद्या उसन्या शब्दात ह दिसला तर तो जुना पाहुणा, हा अंदाज बहुतेक वेळा बरोबर येतो.

याच ठिकाणी एक फार सुंदर गुंता आहे. मराठी ‘हल्ली’ म्हणजे आजकाल. कन्नड ‘हल्लि’ म्हणजे भिंतीवरची पाल. आणि कन्नड ‘हळ्ळि’ म्हणजे खेडं. मराठी कानाला हे तिन्ही एकाच माळेतले वाटतात, पण मुळं तीन. खेड्याचं जुनं रूप ‘पळ्ळि’, तेच तिरुचिरापल्लीच्या शेपटीत आहे आणि बेळगाव तालुक्यातल्या नंदिहळ्ळीतही. सरपटणाऱ्या हल्लिचं जुनं रूप ‘पल्लि’. तमिळमध्ये अजून तेच आहे. संस्कृत कोशांतही पाल या अर्थाने ‘पल्ली’ आहे, तो द्रविडाकडून घेतलेला मानतात, आणि आपली मराठी ‘पाल’ त्यातूनच आली. म्हणजे कन्नड ‘हल्लि’ची खरी सोयरीक मराठी ‘हल्ली’शी नाही, ‘पाल’शी आहे.

मराठी ‘हल्ली’ आणि ‘हाल’ मात्र एकाच घरचे. दोघेही अरबी ‘हाल’चे, फारसीमार्गे आलेले. अरबीतला हा ह आपल्यासारखा नुसत्या श्वासाचा नसतो, घसा आवळून खोलवरून काढावा लागतो. अरबीत दोन ह आहेत, ते दोन्ही मराठीत आणि उर्दूच्या बोलण्यात एकच झाले. मूळ धातूचा अर्थ पालटणं, बदलणं. जे पालटत राहतं ती अवस्था, म्हणून हाल. याच धातूचे ‘हवाला’ आणि त्यावरून ‘हवालदार’. ‘बहाल’ म्हणजे पूर्वीच्या अवस्थेवर आणलेलं. ‘अहवाल’ तर अरबीत ‘हाल’चं सरळ अनेकवचन आहे. मराठीने मात्र खुद्द ‘हाल’चा अर्थ आक्रसून वाईट अवस्थेपुरता ठेवला आणि तो शब्द कायम अनेकवचनी केला : हाल झाला असं आपण म्हणत नाही, हाल झाले म्हणतो. कन्नडनेही हा अरबी शब्द घेतला आहे. कन्नड वर्तमानपत्रात ‘हालि शासक’ म्हणजे विद्यमान आमदार. दुधाचा ‘हालु’ आणि पदावरचा ‘हालि’ एकाच पानावर, एक ह प पासून आलेला आणि दुसरा अरबी घशातून.

‘हालणे’ हे आपल्या घरचं क्रियापद, प्राकृत ‘हल्लइ’ वरून. त्यावर जास्त थांबायचं कारण नाही.

इंग्रजी हॉल मात्र थांबण्यासारखा आहे. जर्मानिक, म्हणजे इंग्रजी-जर्मन ज्या गटात येतात त्या भाषांतला सुरुवातीचा ह बहुधा जुन्या क पासून आलेला असतो, आणि संस्कृतात त्याच्या जागी अनेकदा श सापडतो. शंभर म्हणजे संस्कृत ‘शत’, इंग्रजी ‘हंड्रेड’. कुत्रा ‘श्वन्’, इंग्रजी ‘हाउंड’. शिंग ‘शृंग’, इंग्रजी ‘हॉर्न’. या नियमाने हॉलच्या समोर संस्कृतात ‘शाला’ येते, आणि अनेक व्युत्पत्तिकोश या दोघांना एकाच, आच्छादणं या अर्थाच्या धातूखाली ठेवतात. मराठीत ती ‘शाळा’, कन्नडात उसनी घेतलेली ‘शाले’. शाळेच्या हॉलमध्ये कार्यक्रम असतो तेव्हा एकमेकांशी काडीचं साम्य न दिसणारे हे दोन शब्द खरे चुलतभाऊ असतात, आणि हुबेहूब वाटणारे ‘हाल’ व ‘हॉल’ परके.

सीमाभागाबाहेर बघितलं तर रांग आणखी वाढते. तुर्कीत ‘हाल’ म्हणजे अवस्था, अरबीकडून. आणि भाजीपाल्याचा घाऊक बाजार हाही ‘हाल’, तो फ्रेंचमार्गे हॉलच्या कुटुंबातला. हंगेरियन ही युरोपात असूनही वेगळ्याच, उरल कुळातली भाषा. तिच्यात ‘हाल’ असा दीर्घ उच्चार केला तर अर्थ होतो ‘रात्र काढतो’. ऱ्हस्व स्वर, आपल्या ऑ जवळचा, ठेवून ‘हॉल’ म्हटलं तर मासा. हा मासा फिनिश भाषेत ‘कला’ आहे. तीन म्हणजे फिनिश ‘कोल्मे’, हंगेरियन ‘हारोम’; इथेही क चा ह.

आता सगळ्यात फसवा सापळा. कन्नडात ‘हाळु’ म्हणजे नासाडी, उद्ध्वस्त झालेलं. ‘हाळायितु’ म्हणजे वाट लागली. मराठीत ‘हाल झाले’. उच्चार जवळचे, अर्थ जवळचा, बोलणारे शेजारी, शेकडो वर्षांची देवघेव. एकाने दुसऱ्याकडून घेतला असं म्हणायला यापेक्षा जास्त काय हवं? पण तपासलं की हे टिकत नाही. ‘हाळु’ला तमिळमध्ये ‘पाऴ्’ (ऴ हा जीभ मागे वळवून काढायचा, ळ च्या जवळचा ध्वनी) आणि तेलुगूत ‘पाडु’ हे भाऊ आहेत. इथे ह-प-प ही साखळी तर बसतेच, शिवाय शेवटचं व्यंजनही साक्ष देतं : कन्नड ळ, तमिळ ऴ, तेलुगू ड. सात म्हणजे कन्नड ‘एळु’, तमिळ ‘एऴु’, तेलुगू ‘एडु’. कोंबडी ‘कोळि’, ‘कोऴि’, ‘कोडि’. तीच साखळी. दुधात मात्र तिन्हीकडे ल आहे. म्हणजे कन्नडात ‘हालु’ आणि ‘हाळु’ हेही आपसात वेगळे, आणि ‘हाळु’ मूळचाच द्रविड. तो अरबी ‘हाल’वरून येणं शक्य नाही.

असे योगायोग किती होऊ शकतात, याचा ढोबळ हिशेब कागदावर मांडता येतो. सुरुवातीला २५ व्यंजनं, मध्ये ८ स्वर, शेवटी २० व्यंजनं धरली तर ‘हाल’सारख्या घडणीचे २५ × ८ × २० = ४,००० उच्चार शक्य होतात. दोन असंबद्ध भाषांत असे ४०० चालू शब्द असतील, तर उच्चार जुळणाऱ्या जोड्या ४०० × ४०० ÷ ४,००० = ४० अपेक्षित आहेत, तेही निव्वळ योगायोगाने. अर्थही तोच हवा म्हटलं तर २०० शब्दांच्या यादीत अपेक्षा २०० ÷ ४,००० म्हणजे ०.०५; जवळजवळ शून्य. पण ल ऐवजी ळ चालेल, ऱ्हस्व-दीर्घ चालेल, अशी सूट देत प्रत्येक शब्दाला १० उच्चार चालवून घेतले, आणि अर्थातही त्रास, नासाडी, थकवा असे १० शेजारी मान्य केले, तर तोच आकडा १०० पट होऊन ५ वर जातो. ध्वनी सारख्या प्रमाणात वापरले जात नसल्याने प्रत्यक्षात तो याहून वरच असतो. ‘अमुक भाषेतून तमुक भाषा निघाली’ छापाच्या लांबलचक याद्या या सुटीवरच उभ्या असतात.

अर्थ तोच आणि उच्चारही जवळजवळ तोच असूनही नातं नसल्याची उदाहरणं आहेत. फारसी ‘बद’, जो आपल्या बदनाममध्ये आहे, आणि इंग्रजी ‘बॅड’ हे दोन्ही म्हणजे वाईट, पण मुळं वेगळी. ऑस्ट्रेलियाच्या क्वीन्सलँडमधल्या म्बाबारम या आदिवासी भाषेत कुत्र्याला जवळपास इंग्रजीसारखंच ‘डॉग’ म्हणत. भाषाशास्त्रज्ञ आर. एम. डब्ल्यू. डिक्सन यांनी तो शब्द नोंदवला आणि जुन्या ‘गुदगा’ पर्यंत मागे नेला. शेजारच्या यिडिञ भाषेत हे रूप तसंच टिकून आहे.

सीमाभागात दोन्ही भाषा घरात असणाऱ्यांना हे काम स्वतः करून पाहता येईल. वहीत चार रकाने पाडा : मराठी शब्द, कन्नड शब्द, त्याची तमिळ-तेलुगू रूपं, आणि सापडलं तर जुनं रूप. कन्नड शब्द मराठी सवयीने लिहू नका. शेवटचा ‘उ’ किंवा ‘इ’ लिहाच, आणि ल-ळ मध्ये शंका आली तर बोलणाऱ्याला शब्द सावकाश दोनदा म्हणायला लावा; बहुतेक चुका याच टप्प्यावर होतात आणि पुढचं सगळं बिघडवतात. सुरुवात शरीराचे अवयव, आकडे, नाती, जनावरं, पाणी-ऊन अशा शब्दांपासून करा, कारण ते सहसा उसने घेतले जात नाहीत. कपडे, दरबार, कचेरी, बाजार यांचे शब्द मागाहून घ्या. तिथे फारसी-अरबी आणि इंग्रजीची गर्दी आहे. कन्नड शब्द ह ने सुरू होत असेल तर त्या जागी प ठेवून तमिळ-तेलुगू कोशात शोधा. तिथे सापडला नाही, तर अरबी-फारसी शब्दांची नोंद असलेला मराठी कोश उघडा. आणि एखादा ध्वनिनियम सापडलासा वाटला, तर तोच बदल दाखवणाऱ्या निदान तीन स्वतंत्र जोड्या मिळेपर्यंत त्या ओळीपुढे प्रश्नचिन्ह ठेवा.