आभासी ॲप-वातावरण (मोबाइल खेळांतील फेरफार)

अँड्रॉइड फोन रूट न करता (प्रणालीवरील सर्वोच्च अधिकार न मिळवता) एका यजमान ॲपच्या आत दुसरे ॲप चालवण्याची व्यवस्था. खेळातील नाणी, आयुष्ये, वेग यांसारखी मूल्ये बदलण्यासाठी तिचा वापर होतो.

अँड्रॉइड प्रत्येक ॲपला सर्वसाधारणपणे स्वतंत्र यूआयडी (वापरकर्ता-क्रमांक) देते आणि एका यूआयडीच्या प्रक्रियेला दुसरीची मेमरी वाचू देत नाही. रूट अधिकाराने हे बंधन ओलांडता येते. आभासी वातावरणात मात्र खेळ आणि गेमगार्डियनसारखे मेमरी-संपादक हे दोन्ही पाहुणे (यजमानाच्या आत चालणारी ॲप) यजमानाच्याच यूआयडीखाली चालतात, म्हणून कर्नल (प्रणालीचा गाभा) सहसा हरकत घेत नाही. यजमानाने आपल्या मॅनिफेस्टमध्ये (ॲपच्या घटकांची यादी देणाऱ्या फाइलमध्ये) रिकाम्या ॲक्टिव्हिटी (ॲपचे पडदे) आधीच नोंदवलेल्या असतात. पाहुण्याने बाइंडर या प्रक्रियांमधील संदेशवहनाच्या यंत्रणेमार्फत प्रणालीकडे पाठवलेली मागणी यजमान वाटेत अडवतो आणि आपल्या नावाने पुढे धाडतो.

या तंत्राच्या उगमाबाबत दोन मते संभवतात. एका मतानुसार ते प्लगइन-चौकटींतून, म्हणजे ॲपला स्वतंत्र भाग जोडू देणाऱ्या साधनांतून, आले. एका डेक्स फाइलमधील (ॲपचा संकलित कोड असलेल्या फाइलमधील) ६५,५३६ मेथड-संदर्भांची मर्यादा टाळणे आणि ॲपचे भाग पुनर्स्थापनेविना बदलणे ही या चौकटींमागील कारणे होती. किहू ३६० या चिनी कंपनीची ड्रॉइडप्लगइन (सु. २०१५) आणि त्यानंतरची व्हर्च्युअलॲप या त्यांपैकी प्रमुख. दुसरे मत युसेनिक्स सुरक्षा परिषदेत २०१५ मध्ये मांडलेल्या ‘बॉक्सिफाय’ या संशोधनाकडे बोट दाखवते. त्यात पाहुण्या ॲपला विलग प्रक्रियेत ठेवून त्याचे अधिकार काढून घेतले जातात. खेळांतील फेरफाराला याच्या उलट, अधिकारांची सामायिकता लागते. त्यामुळे पहिले मत अधिक ग्राह्य वाटते. रूटविना ॲपांच्या वर्तनात फेरफार करू देणारी व्हर्च्युअलएक्सपोज्ड ही व्हर्च्युअलॲपवरच उभी आहे, हेही त्याला पोषक आहे. व्हीएमओएससारखी साधने ॲपच्या आत संपूर्ण अँड्रॉइड चालवतात. त्यांची गणना या प्रकारात सैलपणेच करता येते.

अँड्रॉइड ९ (२०१८) पासून अंतर्गत इंटरफेसांच्या वापरावर निर्बंध आले आणि अशा यजमानांची देखभाल अवघड झाली. ज्या खेळांत शिल्लक सर्व्हरवर नोंदवली जाते, तेथे फोनच्या मेमरीतील आकडा बदलून केवळ पडद्यावरचे दृश्य बदलते. बदललेला डेटा-मार्ग किंवा मेमरीत आढळणारा परका कोड यांवरून काही खेळ यजमान ओळखतात आणि खाते बंद करतात. सुरक्षेचा धोका याहून गंभीर आहे : यूआयडी सामायिक असल्याने एका पाहुण्याची लॉगिन-माहिती दुसऱ्याला वाचता येऊ शकते, आणि यजमानाला दिलेली प्रत्येक परवानगी सर्वच पाहुण्यांच्या हाती पडू शकते.