सोळाव्या वर्षाची कादंबरी: एस. ई. हिंटन यांची पार्श्वभूमी

ब्रॉडवेवरच्या ‘द आउटसायडर्स’ला २०२४मध्ये सर्वोत्तम संगीतिकेचा टोनी पुरस्कार मिळाला, तेव्हा तिच्या मागची कादंबरी ५७ वर्षांची झाली होती. लिहायला घेतली त्या वेळी लेखिका जेमतेम पंधरा वर्षांची होती.

सुझन एलॉइस हिंटनचा जन्म २२ जुलै १९४८चा, अमेरिकेतल्या ओक्लाहोमा राज्यातल्या टल्साचा. तेलाच्या पैशावर वाढलेल्या या शहरात ती विल रॉजर्स हायस्कूलला जात होती. तिथे मुलांचे सरळ तट पडले होते. एकीकडे सुखवस्तू घरांतले ‘सोशेस’. दुसरीकडे लांब केसांना तेल थापून ते मागे वळवणारे, कष्टकरी वस्तीतले ‘ग्रीझर्स’. सिनेमा पाहून पायी घरी निघालेल्या तिच्या एका मित्राला, तो ग्रीझर दिसतो एवढ्याच कारणावरून, मारहाण झाली. त्या संतापात तिने लिहायला सुरुवात केली. कादंबरीची पहिली पानंही सिनेमागृहातून बाहेर पडलेल्या एकट्या मुलाचीच आहेत.

बहुतेक लेखन अकरावीच्या वर्षात झालं, पुन्हा पुन्हा खर्डे करत. त्याच काळात तिचे वडील मेंदूतल्या गाठीने आजारी होते आणि त्यातच ते गेले. कादंबरीतली तीन भावंडंही आईवडिलांवाचून राहणारी आहेत आणि वीस वर्षांचा थोरला भाऊ धाकट्या दोघांना सांभाळतो. हा धागा लेखिकेच्या घरातूनच आला, असं ठामपणे म्हणता येणार नाही. पण त्या पानांतलं पोरकेपण मला कधी उसनं वाटलेलं नाही. त्याच वर्षी तिला सर्जनशील लेखनाच्या विषयात ‘डी’ श्रेणी मिळाली होती.

त्या वयाच्या वाचकांसाठी तेव्हा काहीच नव्हतं असं नाही. मॉरीन डेली यांची ‘सेव्हन्टीन्थ समर’ १९४२मध्येच आली होती. पण बराचसा भर पहिलं प्रेम, शाळेतला नाच, खेळातली चुरस यांवर होता. हिंटनला आजूबाजूला दिसणारी मुलं त्यात नव्हती. आपल्याला वाचायचं आहे ते कुणी लिहीत नाही, म्हणून आपणच लिहावं, इतकं साधं तिचं कारण होतं.

वायकिंग प्रेसचा करार तिच्या हाती पडला तो शाळेच्या पदवीदानाच्या दिवशी. पुस्तक १९६७मध्ये निघालं. त्यावर नावाऐवजी आद्याक्षरं छापली गेली, कारण मुलांच्या टोळ्यांवर मुलीने लिहिलंय हे कळलं, तर पुरुष समीक्षक ते गांभीर्याने घेणार नाहीत, अशी प्रकाशकांना धास्ती होती. पुस्तक खऱ्या अर्थाने उचललं ते शिक्षकांनी आणि ग्रंथपालांनी. एरवी पुस्तकाला हात न लावणारी मुलं हे शेवटपर्यंत वाचतात, हे त्यांना वर्गात दिसत होतं.

यशानंतरची वर्षं मात्र कठीण गेली. हिंटन यांची लेखणी अडली, ती काही वर्षं. लोकांच्या अपेक्षांचं दडपण इतकं, की साधं पत्र लिहिणंही जड जाई. टल्सा विद्यापीठात शिकताना भेटलेल्या डेव्हिड इनहॉफ यांनी शेवटी अट घातली: रोज दोन पानं झाली नाहीत, तर संध्याकाळी फिरायला जायचं नाही. अशी दोन-दोन पानं साठत गेली. १९७०मध्ये दोघांचं लग्न झालं आणि १९७१मध्ये ‘दॅट वॉज देन, धिस इज नाऊ’ आली. पहिलं पुस्तक भावनेच्या भरात वाहत गेलेलं, दुसरं वाक्य-वाक्य तोलून रचलेलं. मला तर हे दुसरं जास्त धाडसी वाटतं: जिवलग मित्राचा विश्वासघात करणारा निवेदक तरुण वाचकापुढे उभा करणं सोपं नव्हतं. पुढे १९७५मध्ये ‘रंबल फिश’ आणि १९७९मध्ये ‘टेक्स’ निघाली.

सिनेमाची गोष्ट सुरू झाली कॅलिफोर्नियातल्या फ्रेस्नोच्या लोन स्टार शाळेत. तिथल्या ग्रंथपाल बाईंनी आणि विद्यार्थ्यांनी १९८०मध्ये दिग्दर्शक फ्रान्सिस फोर्ड कोपोला यांना पत्र लिहून या कादंबरीवर चित्रपट काढायची विनंती केली. कोपोलांनी तो टल्सामध्येच चित्रित केला. १९८३च्या त्या चित्रपटात हिंटन स्वतः परिचारिकेच्या छोट्या भूमिकेत दिसतात आणि चित्रपट अर्पण केला आहे तो त्या ग्रंथपाल बाईंना आणि विद्यार्थ्यांना. ‘रंबल फिश’ची पटकथा हिंटन आणि कोपोला यांनी मिळून लिहिली.

टोळीयुद्ध, दारू, सिगारेट, मोडलेली घरं यांमुळे ‘द आउटसायडर्स’वर आक्षेपही खूप आले; काही शाळांनी ती ग्रंथालयातून काढली. दुसरीकडे, तरुण वाचकांसाठीच्या लेखनाचा मार्गारेट ए. एडवर्ड्स पुरस्कार १९८८मध्ये सुरू झाला, तेव्हा त्याच्या पहिल्या मानकरी हिंटनच होत्या. त्यानंतर त्यांनी मोजकंच लिहिलं. २००४ची ‘हॉक्स हार्बर’ तर प्रौढांसाठीची आहे.

चित्रपटात तीन भावांचं म्हणून दाखवलेलं टल्सातलं घर २०१९पासून संग्रहालय म्हणून खुलं आहे.