कुत्रं गाडीमागे लागतं, क्षेपणास्त्र लागत नाही

२०२५ च्या मे महिन्यात, ऑपरेशन सिंदूर चालू होतं त्या दिवसांत, बेळगावच्या टिळकवाडीत दुसऱ्या रेल्वे गेटजवळच्या चहाच्या गाड्यावर रोज सकाळी आमची संरक्षण समिती बसायची. सदस्य ठरलेले: एक रिक्षावाले मामा, मराठा लाईट इन्फंट्रीतून निवृत्त झालेले एक सुभेदार, उद्यमबागेत लेथवर काम करणारा माझा जुना विद्यार्थी, आणि मी, निवृत्त विज्ञानशिक्षक. टीव्हीवर माहिती देणाऱ्या कर्नल सोफिया कुरेशी आपल्या गोकाक तालुक्यातल्या कोण्णूरच्या सून, त्यामुळे सगळी चर्चा घरचीच. विद्यार्थी मोबाइलवर एक व्हिडिओ फिरवत होता: विमान गिरकी घेतंय, क्षेपणास्त्रही मागोमाग गिरकी घेतंय. (तो व्हिडिओ गेममधला निघाला, ते दुसऱ्या दिवशी कळलं.)

मामा म्हणाले, ‘‘सर, ते एकदा सोडलं की विमानाच्या मागंच लागतंय की. विमान वळलं की ते बी वळतंय. कुत्रं लागल्यासारखं.’’

सुभेदारांनी मान डोलावली. मी चहा खाली ठेवला. चाळीस वर्षं फळ्यासमोर उभं राहिलेल्या माणसाला एवढं पुरतं.

कुत्रं आधी नीट बघू. रात्री साडेदहानंतर अनगोळकडे मोटारसायकलने जाणाऱ्या कुणालाही हा प्रयोग फुकट करता येतो. कुत्रं डावीकडच्या कट्ट्यावरून उठतं आणि तुमच्यावर नाक रोखून धावतं. तुम्ही पुढे सरकता, त्याचं नाक पुन्हा तुमच्यावर. क्षणाक्षणाला ते ‘तुम्ही आत्ता जिथे आहात’ तिकडे वळत असतं, त्यामुळे त्याची वाट सरळ राहत नाही, वाकत वाकत जाते. आणि शेवटी कुत्रं कुठे येतं? तुमच्या बरोब्बर मागे, मडगार्डजवळ भुंकत. तुम्ही गिअर बदलला की खेळ संपला. या वाकड्या वाटेचं गणित फ्रान्सच्या प्येर बुगेने १७३२ मध्येच मांडलं होतं. त्याच्या गणितात कुत्रं नव्हतं, व्यापारी जहाजामागे लागलेलं चाच्यांचं जहाज होतं.

त्या गणितातली एक गोष्ट पहिल्यांदा वाचली तेव्हा मला खरी वाटेना. आपल्याला वाटतं, पाठलाग करणारा जितका वेगवान तितकं बरं. पण नाक रोखून पाठलाग करणाऱ्याचा वेग सावजाच्या दुपटीपेक्षा जास्त झाला, तर अगदी शेवटच्या क्षणी त्याला घ्यावं लागणारं वळण अमर्याद तीव्र होतं. म्हणजे ज्या वेगासाठी क्षेपणास्त्रावर इतका खर्च करायचा, तोच वेग या पद्धतीत अंगावर येतो. ‘मागे लागणं’ हा धंदा क्षेपणास्त्राला परवडणारा नाही.

मग ते करतं काय?

हे समजायला येळ्ळूरच्या शिवारात चला. भाताची कापणी झाली की सगळं मैदान उघडं पडतं, दोन-दोन फर्लांगांवरचं दिसतं, आणि नेमक्या अशाच उघड्या चौकात गाड्या एकमेकींवर येतात. काही वर्षांपूर्वी मीही थोडक्यात वाचलो. मी गाडीतून सरळ चाललो होतो, उजवीकडच्या कच्च्या रस्त्याने एक ट्रॅक्टर येत होता. नजरेच्या टप्प्यात तो मिनिटभर तरी होता, पण मला तो दिसलाच नाही. काचेच्या कडेचा जो उभा खांब असतो त्याच्याआड तो बसला होता आणि तिथेच बसून राहिला. मी पुढे जात होतो, तोही पुढे येत होता, पण माझ्या नजरेतून तो तसूभरही सरकत नव्हता. फक्त मोठा होत होता. चौकाच्या अलीकडे ट्रॉलीचं लाल फडकं खांबाच्या दोन्ही बाजूंनी डोकावलं तेव्हा ब्रेक दाबला.

घरी येऊन कागदावर रेघा मारल्या. दोन वाहनं आपापल्या सरळ वाटेने, आपापल्या ठरल्या वेगाने चालली आहेत. एकीपासून दुसरीपर्यंत जाणारी काल्पनिक रेषा, म्हणजे दृष्टिरेषा, हळूहळू वळत असेल तर एक गाडी दुसरीच्या पुढून किंवा मागून निघून जाईल. ती रेषा अजिबात वळत नसेल, समांतर राहून फक्त आखूड होत असेल, तर टक्कर ठरलेली. जहाजांवरच्या लोकांना हा नियम पिढ्यान् पिढ्या माहीत आहे: समोरचं जहाज त्याच दिशेला दिसत राहिलं आणि जवळ येत राहिलं, तर सुकाणू फिरवा.

क्षेपणास्त्र हाच नियम उलटा पाळतं. आपण टक्कर टाळायची म्हणून दृष्टिरेषा वळवतो, त्याला टक्कर हवी असते म्हणून ते दृष्टिरेषा वळू देत नाही. बस, एवढंच! विमान कुठे जाणार याचं भाकीत करायची त्याला गरज नाही. रेषा वळायला लागली की त्या वळण्याच्या प्रमाणात आपणही वळायचं, रेषा थांबली की सरळ जायचं. याला प्रपोर्शनल नॅव्हिगेशन म्हणतात. मराठीत ‘प्रमाणानुसारी मार्गदर्शन’ म्हणू. म्हणूनच त्याचं नाक विमानाकडे रोखलेलं नसतं. विमानाच्या पुढच्या रिकाम्या आकाशाकडे असतं.

सूत्र एका ओळीचं आहे. लागणारं त्वरण म्हणजे तीन गोष्टींचा गुणाकार: एक स्थिरांक, एकमेकांच्या जवळ येण्याचा वेग, आणि दृष्टिरेषा वळण्याचा वेग. समजा दोघं सेकंदाला १००० मीटर या वेगाने जवळ येत आहेत आणि रेषा सेकंदाला १ अंश वळते आहे. घड्याळाचा सेकंदकाटा सेकंदाला ६ अंश फिरतो, त्याच्या सहाव्या हिश्श्याने. स्थिरांक ४ धरला आणि अंशाचं रेडियन केलं (म्हणजे ५७ ने भागलं), तर उत्तर येतं दर सेकंदाला ७० मीटर प्रति सेकंद, म्हणजे गुरुत्वाकर्षणाच्या सातपट. त्या क्षेपणास्त्रात ७० किलोचा माणूस बसवला, तर त्याला आपलं वजन ४९० किलो झाल्यासारखं वाटेल. काट्याच्या सहाव्या हिश्श्याइतकी हालचाल, आणि तिच्यासाठी एवढी ओढाताण.

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात अमेरिकेत याचा गणिती अभ्यास करणाऱ्यांत ल्यूक युआन हे चिनी वंशाचे भौतिकशास्त्रज्ञ होते. डावं-उजवं सारखंच मानणारी भौतिकीतली ‘समता’ मोडते हे प्रयोगाने दाखवणाऱ्या चिएन-शिउंग वू यांचे ते यजमान. डिसेंबर १९५० मध्ये ‘लार्क’ नावाच्या अमेरिकी क्षेपणास्त्राने याच पद्धतीने एका वैमानिकरहित विमानाचा वेध घेतला. आज हलत्या लक्ष्याचा माग काढणारी बहुतेक क्षेपणास्त्रं याच नियमाच्या कुठल्या ना कुठल्या रूपावर चालतात. विमानावर झडप घालणारी, जमिनीवरून सुटणारी, दोन्ही तऱ्हेची. ससाण्यांच्या पाठीवर जीपीएस बांधून ऑक्सफर्डच्या संशोधकांनी २०१७ मध्ये जे दाखवलं ते वाचून तर मी खुर्चीतून उठलो: ससाणाही भक्ष्यावर याच नियमाने येतो. फक्त त्याचा स्थिरांक क्षेपणास्त्रापेक्षा थोडा कमी असतो.

आता माझा आवडता भाग. विद्यार्थ्याने विचारलं, ‘‘सर, रेषा वळालीय हे त्याला कळतंय कसं? ते स्वतःच हलत असतंय की.’’ लेथवर काम करणाराच हा प्रश्न विचारू शकतो. मोजमापाचा संदर्भच हलत असेल तर मोजायचं कशावरून?

उत्तर आहे भोवरा. लहानपणी जाळी गुंडाळून फेकलेला भोवरा आठवा. जोरात फिरणाऱ्या भोवऱ्याचा अक्ष आपली दिशा सोडत नाही. खालचा पाट हलवला तरी तो आपल्याच तोऱ्यात. त्याला ढकललं तर तो ढकलल्या दिशेने पडत नाही, काटकोनात सावकाश कलत जातो. याला परांचन म्हणतात, आणि कलण्याचा वेग ढकलण्याच्या जोराच्या अगदी प्रमाणात असतो. १९५० च्या सुमारास कॅलिफोर्नियातल्या चायना लेक इथे विल्यम मॅकलीन यांच्या गटाने ‘साइडवाइंडर’ हे क्षेपणास्त्र घडवलं, त्याचा डोळा म्हणजे असा एक फिरणारा भोवराच होता. भोवऱ्यावर आरसा, आरशातून विमानाच्या तापलेल्या इंजिनाचा उष्ण ठिपका. ठिपका मधोमध असेल तर ठीक. तो बाजूला सरकला की एका वेटोळ्यातून वीज सोडून भोवऱ्याला चुंबकाने हलका धक्का द्यायचा, की भोवरा कलून ठिपका पुन्हा मध्ये येतो. इथे थांबा जरा. ठिपका मध्ये ठेवायला जेवढी वीज सोडावी लागली, तेवढ्या वेगाने भोवरा कलला. आणि भोवरा विमानाकडेच बघत असल्यामुळे तेवढ्याच वेगाने दृष्टिरेषा वळली. म्हणजे ती वीज हेच दृष्टिरेषेच्या वळण्याचं माप! वेगळं काही मोजायचं उरलंच नाही. तीच वीज वाढवून पंखांकडे पाठवली की काम झालं. संगणक नाही, तुम्ही-आम्ही म्हणतो तसा ‘मेंदू’ नाही. १९५३ च्या सप्टेंबरात याने पहिला यशस्वी वेध घेतला. मागच्या पंखांच्या टोकांना वाऱ्याने गरगरणारी दातेरी चाकं बसवली होती, तीही भोवरेच, क्षेपणास्त्र स्वतःभोवती लोळू नये म्हणून. हे ऐकून विद्यार्थी इतका खूश झाला की चहाचे पैसे त्याने दिले.

स्थिरांक ४ च का, २० का नाही, हा पुढचा प्रश्न. विमान सतत एका त्वरणाने वळत राहिलं, तर शेवटी क्षेपणास्त्राला विमानाच्या कितीपट त्वरण लागेल, याचं उत्तर असं: स्थिरांक भागिले, स्थिरांक वजा दोन. स्थिरांक ३ असेल तर तिप्पट, ४ असेल तर दुप्पट, ५ असेल तर पावणेदोन पटीच्या आत. २ धरला तर छेदात शून्य, म्हणजे मागणी अमर्याद. लढाऊ विमान गुरुत्वाकर्षणाच्या ९ पट त्वरणाने वळलं तर स्थिरांक ३ च्या क्षेपणास्त्राला २७ पट हवं, ४ च्याला १८ पट. मग स्थिरांक वाढवतच का नेऊ नये? कारण डोळ्याची थरथरही त्यानेच गुणली जाते. रडारला विमान हा एक ठिपका दिसत नाही. परावर्तनाचा चमकता बिंदू कधी नाकावर, कधी पंखाच्या टोकावर नाचतो, आणि अंतर कमी झालं की तोच नाच कोनात मोठा दिसतो. २० ने गुणलं तर क्षेपणास्त्र भूत लागल्यासारखं थरथरेल. म्हणून ३ ते ५. (इथवर येईतो सुभेदार पेपर वाचायला लागले होते, मामा गिऱ्हाईक घेऊन गोगटे सर्कलला निघून गेले होते.)

आपल्या ‘आकाश’ची तऱ्हा वेगळी. १९८३ मध्ये सुरू झालेल्या, डॉ. कलामांनी चालवलेल्या क्षेपणास्त्र कार्यक्रमातलं हे अपत्य. वजन ७२० किलो, म्हणजे तांदळाची पन्नास किलोची चौदा पोती आणि वर थोडं. मूळ आकाशला स्वतःचा डोळा नाही. जमिनीवरचं ‘राजेंद्र’ रडार विमानही बघतं आणि क्षेपणास्त्रही, आणि रेडिओवरून ‘डावीकडे घे, वर घे’ सांगत राहतं. रेषेचं गणित खाली होतं, वर फक्त अंमल. नंतरच्या रूपांत डोळा आला. आणि नेम चुकून काही मीटर बाजूने गेलं तरी चालतं: जवळून जाताना आपोआप पेटणारा फ्यूज सुमारे ६० किलोचा स्फोटक भाग फोडतो, तुकडे काम करतात.

आता छत्रीचं बोलू. एस-४०० या रशियन हवाई संरक्षण यंत्रणेला आपल्याकडे सुदर्शन चक्र नाव दिलं आणि त्या आठवड्यात माझ्या फोनवर सतरा निरोप आले की हे सगळं आपल्या पूर्वजांना ठाऊक होतं, मंत्र म्हटला की अस्त्र शत्रू शोधून परत यायचं. नाव छान आहे, माझी काही तक्रार नाही. पण खंडेनवमीला उद्यमबागेत आपण मशीनची पूजा करतो, हळदकुंकू वाहतो, म्हणून मायक्रोमीटर शून्यावर येत नाही. तो पुसून, मोजून, पुन्हा जुळवून आणावा लागतो. दुसरीकडे टीव्हीवाले ‘४०० किलोमीटरचं अभेद्य कवच’ म्हणून ओरडत होते. पृथ्वी गोल आहे हे ते विसरले. ३० मीटर उंच मनोऱ्यावरच्या रडारला जमिनीपासून ५० मीटरवरून येणारं ड्रोन साधारण ५० किलोमीटरच्या आत आल्याशिवाय दिसतच नाही, मध्ये डोंगर नसले तरी. राजहंसगडाच्या टोकावर उभं राहून चोर्ला घाटाखालचा गोवा दिसतो का? तिथे घाटाची कड आड येते, इथे पृथ्वीची गोलाई. म्हणून लांब, मध्यम, जवळच्या पल्ल्याचे थर लावावे लागतात, आणि सगळ्यात आत चक्क तोफा.

आणि आकडेमोड चुकली तर काय होतं ते २५ फेब्रुवारी १९९१ ला सौदी अरबस्तानात धाहरानला दिसलं. अमेरिकेची क्षेपणास्त्रं पाडणारी पॅट्रियट यंत्रणा सेकंदाच्या दहाव्या भागात वेळ मोजायची. दशमान पद्धतीत एक तृतीयांश जसा ०.३३३ असा संपतच नाही, तसा एक दशांश द्विमान पद्धतीत संपत नाही. २४ घरांत बसवायला शेपूट कापलं. १०० तास यंत्र बंद न करता चालवल्यावर ती कापलेली शेपटं साठून ०.३४ सेकंद झाली. तेवढ्या वेळात इराकचं स्कड क्षेपणास्त्र अर्ध्या किलोमीटरहून जास्त पुढे जातं. रडारने चुकीच्या जागी पाहिलं, तिथे काही दिसलं नाही, प्रतिहल्ला सुटलाच नाही. २८ सैनिक गेले.

हे सगळं दोन-तीन सकाळींत मिळून सांगून झालं. मध्ये एकदा गच्चीवरून सांबऱ्याला उतरणारं विमानही समितीला दाखवलं: दिवा टाकीच्या कोपऱ्यावर ताऱ्यासारखा थांबलेला, फक्त उजळत चाललेला, म्हणजे तोंड आपल्याकडे, मग एकदम सरकायला लागला, म्हणजे वळलं. मामा बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, ‘‘सर, तुमच्या अनगोळच्या कोपऱ्यावर एक तांबडं कुत्रं हाय बघा. बाकीची मागनं भुंकत येत्यात. ते भुंकत नाही. ते सरळ गल्लीतनं आडवं पळत जातंय आणि पुढच्या लाईटच्या खांबापाशी आपल्या आधी हजर.’’

मला ते कुत्रं माहीत आहे. माझ्या पायजम्याला अजून त्याचं भोक आहे.